प्रशांत महासागराचा पट

अमेरिकेच्या ऱ्होड आयलंड राज्यात न्यूपोर्ट नावाचं बंदर आहे आणि तिथं 1884 साली स्थापन झालेलं नेव्हल वॉर कॉलेज. दोन महायुद्धांच्या मधल्या काळात या कॉलेजात डोकावणाऱ्याला एक चमत्कारिक दृश्य दिसलं असतं. चांगले पोक्त, कमांडर-कॅप्टनच्या हुद्द्याचे नौदल अधिकारी एका मोठ्या दालनात जमिनीवर ओणवे होऊन चिमुकली जहाजं पुढं सरकवताहेत. फरशीवर चौकटी आखलेल्या. मध्ये पडदा, म्हणजे एका पक्षाच्या हालचाली दुसऱ्याला दिसू नयेत. एक चाल म्हणजे खऱ्या लढाईतली तीन मिनिटं. चाल झाली की पंच आपले तक्ते उघडून बसत. अमुक अंतरावरून अमुक व्यासाच्या तोफेने मारा केला तर किती गोळे लागतील, समोरच्या जहाजाचं चिलखत तेवढं जाड आहे का, त्याचा वेग किती उतरेल, याची आकडेमोड व्हायची आणि मग पुढची तीन मिनिटं. एक लढाई संपवायला दिवसच्या दिवस लागत.

निळा पक्ष अमेरिकेचा. समोर बहुतेक वेळा नारिंगी पक्ष असे, आणि नारिंगी म्हणजे जपान. 1919 ते 1941 या काळात न्यूपोर्टला असे तीनशेहून अधिक डाव खेळले गेले. संपूर्ण मोहिमेची आखणी करायचे जे डाव होते, त्यांतले जवळजवळ सगळे जपानविरुद्धचे. 1922-23 च्या तुकडीत चेस्टर निमित्झ नावाचा एक अधिकारी होता. पुढं प्रशांत महासागरातलं सगळं अमेरिकन आरमार त्याच्या हाताखाली आलं. युद्ध संपल्यावर तो म्हणाला, की जपानशी लढाई आम्ही त्या दालनात इतक्या जणांनी इतक्या तऱ्हांनी लढलो होतो, की प्रत्यक्षात जे घडलं त्यात नवं असं काहीच नव्हतं. अपवाद फक्त कामिकाझे वैमानिकांचा.

निमित्झचं हे म्हणणं थोडं उदार आहे, त्याकडे पुढं येऊ. पण पुढच्या महायुद्धाची भाकितं करणाऱ्यांची गोष्ट सांगायची तर प्रशांत महासागराइतकं चांगलं उदाहरण नाही. एकाच समुद्रावरच्या एकाच युद्धाचा आराखडा वॉशिंग्टन, लंडन आणि टोकियो या तिन्ही राजधान्यांत वीस-तीस वर्षं आधीपासून काढला जात होता. तिन्हीकडे कुणी ना कुणी ते युद्ध बऱ्यापैकी बरोबर ओळखलं होतं. ओळखणारे कमी पडले नाहीत. भाकीत गैरसोयीचं निघालं तेव्हा त्याचं काय केलं, इथं तिघांच्या वाटा वेगळ्या झाल्या.

अमेरिकेच्या नारिंगी योजनेचं मूळ 1906-07 मध्ये आहे. 1905 साली त्सुशिमाच्या सामुद्रधुनीत जपानने रशियाचं आरमार बुडवलं. पुढच्याच वर्षी सॅन फ्रान्सिस्कोच्या शाळा मंडळाने जपानी मुलांना वेगळ्या शाळेत घालायचा निर्णय घेतला आणि दोन्ही देशांतली वर्तमानपत्रं युद्धाची भाषा बोलू लागली. भांडण मिटलं, पण योजना फायलीत राहिली. लष्कर आणि नौदलाच्या संयुक्त मंडळाने प्रत्येक संभाव्य शत्रूला एकेक रंग दिला होता: जर्मनी काळा, मेक्सिको हिरवा, ब्रिटन तांबडा.

हो, ब्रिटनसुद्धा. ब्रिटनशी युद्ध झालंच तर कॅनडावर कसं चालून जायचं याची तांबडी योजना 1930 मध्ये रीतसर मंजूर झाली होती. ती 1974 साली उघड झाल्यावर अनेकांची करमणूक झाली. त्याहून मजेशीर प्रकार कॅनडाचा. त्यांच्या लष्करी मोहिमा-विभागाचा प्रमुख कर्नल सदरलंड ब्राउन याने 1921 मध्ये उलट अमेरिकेवरच अचानक चढाई करायची योजना तयार केली, आणि तिच्यासाठी स्वतः मोटारीतून सीमेपलीकडच्या अमेरिकन गावांत हिंडून पाहणी केली. माहिती म्हणून त्याने तिथली चित्रं असलेली पोस्टकार्डं विकत आणली होती. सगळे रंग सारखेच गंभीर नव्हते, एवढाच याचा अर्थ. नारिंगी रंग मात्र गंभीर होता.

नारिंगी योजनेचा सांगाडा साधा होता. जपान आधी वार करेल, 1904 मध्ये पोर्ट आर्थरला केला तसा, बहुधा युद्ध पुकारण्याआधीच. फिलिपिन्स आणि ग्वाम ही अमेरिकेची बेटं त्याच्या हाती पडतील. मग अमेरिकन आरमार पूर्वेकडून समुद्र ओलांडून येईल, जपानी आरमाराला हरवेल आणि जपानची नाकेबंदी करून त्याला शरण आणेल. वाद होता तो समुद्र ओलांडायचा कसा यावर. एका गटाला सगळं आरमार घेऊन तडक मनिला गाठायचं होतं. याला ते थेट तिकीट म्हणत. दुसरा गट म्हणे, बेटामागून बेट घेत, प्रत्येक ठिकाणी तळ उभारत पुढं सरकू. थेट तिकिटात रुबाब होता. शिवाय अमेरिकन जनता लांबलचक युद्ध सहन करणार नाही, अशी धास्ती होती.

सॅन फ्रान्सिस्को ते मनिला हे अंतर सात हजार मैलांच्या घरात. पहिल्या महायुद्धात जपानने मार्शल, कॅरोलाइन आणि मारियाना ही जर्मनीची बेटं घेतली आणि राष्ट्रसंघाने ती त्याच्याकडेच ठेवली. म्हणजे वाटेवर जपानचा पहारा बसला. 1922 च्या वॉशिंग्टन तहाने अमेरिका, ब्रिटन आणि जपान यांच्या मोठ्या युद्धनौकांचं प्रमाण पाच-पाच-तीन असं ठरवलं, पण त्याच तहात अमेरिकेने फिलिपिन्स आणि ग्वाममध्ये नवी तटबंदी न करण्याचं कबूल केलं. म्हणजे मनिलाला पोचलं तरी तिथं धड गोदी नाही.

ही अडचण नकाशावर दिसत नाही, फरशीवर दिसते. न्यूपोर्टच्या डावांत निळं आरमार निघायचं ते दिमाखात. वाटेत पाणबुड्या आणि पाणतीर एकेक जहाज जायबंदी करायचे. भोक पडलेली युद्धनौका आठ-दहा नॉटच्या वेगाने रखडू लागली की तिला सोडून द्यायचं की सगळ्या आरमाराने तिच्या चालीने चालायचं, हा प्रश्न समोर यायचा. तिला दुरुस्त करायची तर सुकी गोदी मागं हवाईत. तेल संपत आलेलं. आणि अशा अवस्थेत ताज्या दमाचं जपानी आरमार समोर उभं. डाव पुनःपुन्हा हरले गेले. हरलेल्यांत पुढं ॲडमिरल होणारे होते, आणि आपण का हरलो हे त्यांना चर्चेच्या वेळी सर्वांसमोर उभं राहून सांगावं लागे. 1930 चं दशक अर्ध्यावर येईपर्यंत थेट तिकीट बाद झालं होतं आणि पहिला मुक्काम मार्शल बेटांवर, हे ठरलं होतं. बरोबर न्यायची तरंगती गोदी, तेलाची जहाजं, चार दिवसांत उभा राहणारा तळ यांच्या याद्या होऊ लागल्या. भाषणात सांगण्यासारखं त्यात काहीच नव्हतं. पण 1944 मध्ये युद्धनौका पोटात घेणाऱ्या तरंगत्या गोद्या दक्षिण प्रशांतात खरोखरच उभ्या होत्या.

बेटं घ्यायची तर ती कशी, याचा विचार मरीन दलातल्या अर्ल एलिस याने 1921 मध्येच करून ठेवला होता. किनाऱ्यावर उतरणाऱ्या तुकड्यांची रचना, प्रवाळाच्या कडांमधून वाट काढणारी पथकं, तोफांचा मारा कधी थांबवायचा, सगळं त्याने लिहून काढलं. तोवर पहिल्या महायुद्धात फसलेल्या गॅलिपोलीच्या स्वारीवरून सगळ्या जगाचं मत झालं होतं, की संरक्षित किनाऱ्यावर समुद्रातून उतरणं हा वेडेपणा आहे. एलिस बुद्धीने तल्लख आणि दारूने पोखरलेला. व्यापाऱ्याच्या वेषात जपानच्या ताब्यातली बेटं पाहायला गेला आणि मे 1923 मध्ये पलाऊ बेटांवर मेला. जपान्यांनी विष घातलं अशी वदंता बरीच वर्षं चालली. दारूनेच मेला असावा, असं बहुतेक अभ्यासकांचं मत आहे. त्याच्या टिपणावरून मरीन दलाने 1934 मध्ये किनाऱ्यावर उतरण्याची नियमपुस्तिका केली, आणि नोव्हेंबर 1943 मध्ये तारावाच्या प्रवाळावर तिची पहिली मोठी आणि रक्तबंबाळ परीक्षा झाली.

पर्ल हार्बरचं भाकीतही झालं होतं, आणि एकदा नव्हे. 7 फेब्रुवारी 1932, रविवार. संयुक्त सरावात रिअर ॲडमिरल हॅरी यार्नेल युद्धनौका मागं ठेवून लेक्सिंग्टन आणि साराटोगा या दोन विमानवाहू नौका घेऊन वादळी हवेत हवाईच्या ईशान्येला आला आणि पर्ल हार्बर ज्या बेटावर आहे त्या ओआहूवर पहाटे दीडशेच्या वर विमानं सोडली. बेसावध धावपट्ट्यांवरची विमानं उडण्याआधीच कागदोपत्री नष्ट झाली. नंतर वाद झाला. रविवारी सकाळी हल्ला करणं न्याय्य नाही, असाही एक सूर निघाला. 31 मार्च 1941 रोजी हवाईतल्या हवाई दलांचे प्रमुख मार्टिन आणि बेलिंजर यांनी अहवाल दिला: हल्ला बहुधा युद्धाच्या घोषणेआधी, पहाटे, तीनशे मैलांच्या आतून, विमानवाहू नौकांवरून होईल, तो आधी दिसायचा तर चहूबाजूंना रोज लांबवर गस्त हवी, तेवढी विमानं आमच्याकडे नाहीत. सव्वाआठ महिन्यांनी जपानी विमानं उडाली ती सव्वादोनशे-अडीचशे मैलांवरून, रविवारीच. भाकीत चोख होतं. त्याच्या शेवटच्या वाक्यातली विमानं तेवढी आली नाहीत.

आता लंडनकडे वळू. तिथली गोष्ट मला तिघांत सर्वांत करुण वाटते, कारण तिथं बुद्धी कमी नव्हती, पैसा कमी होता, आणि तो कमी आहे हे मान्य करायची तयारी नव्हती.

1919 मध्ये ॲडमिरल जेलिको साम्राज्याच्या दौऱ्यावर गेला आणि त्याने लिहिलं, की पूर्वेकडचा पुढचा शत्रू जपान आहे, तिथं कायमचं मोठं आरमार ठेवा. ते परवडणारं नव्हतं. मग 1921 मध्ये मधला मार्ग निघाला: आरमार युरोपातच राहील, सिंगापूरला भव्य तळ बांधू आणि वेळ आली की आरमार तिकडे पाठवू. या धोरणाचं नावच मुख्य आरमार सिंगापूरला असं पडलं. त्याआधी, ऑगस्ट 1919 मध्ये, मंत्रिमंडळाने सगळ्या सैन्यदलांना आदेश दिला होता, की पुढची दहा वर्षं मोठं युद्ध होणार नाही असं धरून अंदाजपत्रकं करा. 1928 मध्ये अर्थमंत्री चर्चिलने या नियमाला अशी कलाटणी दिली, की ती दहा वर्षं रोज सकाळी नव्याने सुरू व्हावीत. उधारी उद्या, अशी पाटी वाण्याच्या दुकानात लावतात तसलाच हा हिशेब. युद्ध कायम दहा वर्षं लांब. याच चर्चिलने डिसेंबर 1924 मध्ये पंतप्रधान बाल्डविनला कळवलं होतं, की आपल्या हयातीत जपानशी युद्ध होण्याची तिळमात्र शक्यता त्याला दिसत नाही. जपानने मांचुरिया घेतला आणि शांघायवर हल्ला केला, तेव्हा 1932 मध्ये तो नियम रद्द झाला.

तळ मात्र रखडत, थांबत, पुन्हा सुरू होत बांधला गेला. सुमारे सहा कोटी पौंड खर्च झाले. जगातल्या सर्वांत मोठ्या गोद्यांपैकी एक तिथं 14 फेब्रुवारी 1938 रोजी उघडली. गोदी तयार होती, तिच्यात उभं करायला आरमार नव्हतं. आरमार येईपर्यंत सिंगापूरने किती दिवस तग धरायचा, याचा एक अधिकृत आकडा असे. सुरुवातीला तो 42 दिवस होता. मग 70 झाला. 1939 च्या उन्हाळ्यात 90, आणि युरोपात युद्ध पेटल्यावर 180. गृहीतक कोसळत होतं आणि त्याची डागडुजी दिवसांचा आकडा वाढवून चालली होती. 180 दिवस तग धरायला लागणारी विमानं आणि रणगाडे त्या प्रमाणात वाढले असते तर गोष्ट वेगळी. मलायात 1941 अखेर ब्रिटिशांकडे एकही रणगाडा नव्हता.

या सगळ्यात एक माणूस विलक्षण आहे. 1937 मध्ये मलायाचा सेनापती डॉबी होता आणि त्याचा मुख्य स्टाफ ऑफिसर होता आर्थर पर्सिव्हल. उंच, सडपातळ, पुढचे दात किंचित बाहेर, बोलायला भिडस्त. जपान सिंगापूर कसं घेईल हे जपानच्या नजरेतून लिहून काढायचं काम त्याच्याकडे आलं. सिंगापूर म्हणजे समुद्राकडून येणाऱ्या शत्रूसाठी बांधलेला किल्ला, अशी सर्वांची समजूत. पर्सिव्हलने उलट मांडलं: आरमार वेळेवर पोचणार नाही असं धरून चाला, जपानी फौजा उत्तरेला सयामच्या किनाऱ्यावर, सिंगोरा आणि पटानीला, आणि मलायात कोटा भारूला उतरतील, तिथले विमानतळ घेतील आणि द्वीपकल्पातून खाली येतील. ऑक्टोबर ते मार्च ईशान्य मोसमी वाऱ्यांचा काळ. तेव्हा समुद्र खवळलेला, म्हणून उतरणं अशक्य, हेही सर्वमान्य मत होतं. डॉबीने प्रत्यक्ष सराव घेऊन पाहिला. उतरता येतं. उलट ढगांमुळे टेहळणीची विमानं आंधळी होतात, म्हणजे शत्रूला तोच मोसम सोयीचा. सिंगापूरचा बचाव सिंगापुरात नाही, उत्तर मलायात आहे, असा निष्कर्ष निघाला. जोहोरमध्ये बचावाची रांग उभारायला थोडे पैसे मंजूर झाले, त्यातले थोडे खर्च झाले आणि काम थांबलं.

8 डिसेंबर 1941 रोजी मध्यरात्र उलटल्यावर, मोसमी वाऱ्यांच्या ऐन भरात, जपानी सैनिक कोटा भारूच्या किनाऱ्यावर उतरले. घड्याळं जुळवून पाहिली तर पर्ल हार्बरच्याही आधी. किनाऱ्यावरच्या खंदकांत भारतीय पलटणी होत्या. सिंगोरा आणि पटानीलाही त्याच दिवशी उतरले. दोन दिवसांनी प्रिन्स ऑफ वेल्स आणि रिपल्स या दोन मोठ्या युद्धनौका जपानी विमानांनी बुडवल्या. मुख्य आरमार म्हणून जे काय आलं होतं ते एवढंच. जपानी फौज 55 दिवसांत, पुष्कळशी सायकलींवर, जोहोरच्या टोकाला येऊन थांबली. सिंगापूरच्या पंधरा इंची तोफांची तोंडं समुद्राकडेच होती ही आख्यायिका अर्धीमुर्धीच खरी. बहुतेक तोफा वळत होत्या. त्यांच्याकडचे गोळे मात्र मुख्यतः जहाजांचं पोलाद फोडायचे होते, पायदळावर टाकायचे नव्हते. ज्याने जे अपेक्षिलं, तसा त्याने दारूगोळा भरला.

आणि मलायाचा सेनापती आता कोण होता? पर्सिव्हलच. इथं गोष्ट अवघड होते. आपलं भाकीत माहीत असलेला माणूस नेमका त्या जागी होता, पण बेटाच्या उत्तर किनाऱ्यावर तटबंदी करायला तो तयार होईना. मुख्य अभियंता ब्रिगेडियर सिमसन याने डिसेंबर संपता संपता त्याला रात्री गाठून तास-दोन तास गळ घातली. सामान तयार आहे, मजूर आहेत, परवानगी द्या. सिमसनने पुढं लिहिल्याप्रमाणे पर्सिव्हलचं उत्तर होतं, की अशा कामांनी सैन्याचं आणि नागरिकांचं मनोधैर्य खचतं. काहींना हा त्याचा कमकुवतपणा वाटतो. मला वाटतं, बचाव उत्तर मलायात, हे स्वतःचंच भाकीत त्याला इतकं पटलं होतं, की तिथं हरल्यावर पुढं काय, याचं उत्तर त्याच्यापाशी उरलं नव्हतं. 15 फेब्रुवारी 1942 रोजी, गोदीच्या उद्घाटनाला चार वर्षं आणि एक दिवस झाला असताना, त्याने बुकित तिमाच्या फोर्ड कारखान्यात जपानी सेनापती यामाशिताच्या समोर शरणागतीवर सही केली. युद्ध सुरू होऊन सत्तर दिवसही झाले नव्हते. बेटावर पकडलेल्या सैनिकांत चाळीस हजारांहून अधिक भारतीय होते. त्यांत सावंतवाडीकडचे लेफ्टनंट कर्नल जगन्नाथराव भोसले होते. आझाद हिंद सेनेच्या अगदी वरच्या फळीत ते पुढं दिसतात.

टोकियोला पुढचं युद्ध अमेरिकेशी, हे 1907 च्या राष्ट्रीय संरक्षण धोरणातच नौदलाने नोंदवलं होतं. त्यांच्या मनातला आराखडा त्सुशिमाचा. अमेरिकन आरमार लांबून येईल, वाटेत पाणबुड्या, विमानं आणि रात्रीचे पाणतीर त्याला कुरतडतील, आणि जपानच्या जवळ एका निर्णायक लढाईत त्याचा निकाल लागेल. हे जवळजवळ न्यूपोर्टच्या डावासारखंच. फरक एवढाच, की जी बाजू डाव हरायची तिने आराखडा बदलला आणि जी जिंकायची ती त्याच्या प्रेमात पडली. यामातो ही अवाढव्य युद्धनौका याच प्रेमातून आली. तिच्यावर 46 सेंटिमीटरच्या तोफा होत्या. एवढ्या मोठ्या तोफा घेणारं जहाज पनामा कालव्यातून जाईल इतकं अरुंद बांधता येत नाही, म्हणून अमेरिका तसं बांधणार नाही, हा त्यामागचा तर्क. तर्क बिनचूक होता. यामातोला तिची निर्णायक लढाई काही मिळाली नाही.

पण सगळ्यांत खरं भाकीतही टोकियोतच झालं. 1940 मध्ये सरकारने संपूर्ण युद्ध संशोधन संस्था काढली. एप्रिल 1941 मध्ये तिथं मंत्रालयांतून, लष्कर-नौदलातून आणि खासगी कंपन्यांतून निवडलेली पस्तीसेक तरुण मंडळी दाखल झाली. वय तिशीच्या आसपास. उन्हाळ्यात त्यांचं एक प्रतिरूप मंत्रिमंडळ बनवण्यात आलं. सहकारी बँकेतून आलेला कुबोता काकुइची पंतप्रधान झाला, कुणी अर्थमंत्री, कुणी नौदलमंत्री. प्रश्न दिला गेला: अमेरिकेने तेल तोडलं तर आपण दक्षिणेकडे, डच ईस्ट इंडीजकडे, तेलासाठी चाल करून जायचं, पुढं काय होईल ते सांगा. हा प्रश्न हवेतला नव्हता. जुलै संपता संपता जपानी फौजा दक्षिण इंडोचायनात शिरल्या आणि ऑगस्टच्या पहिल्या दिवशी अमेरिकेने खरोखरच तेल तोडलं.

या तरुणांनी लढाया बाजूला ठेवल्या आणि जहाजं मोजली. तेल जिंकून घेता येईल, पण ते बोर्निओ-सुमात्रातून जपानला आणायचं कशातून? जहाज कंपनीतून आलेल्या सदस्याने लॉइड्सच्या आकडेवारीवरून हिशेब केला: वर्षाला बारा लाख टन जहाजं बुडतील, बांधून होतील सहा लाख टन. दोन-तीन वर्षांत वाहतूक आटणार, मग तेल, मग पोलाद, मग अन्न. सुरुवातीला विजय मिळतील, युद्ध लांबेल, शेवटी सोव्हिएत संघ उतरेल आणि जपान हरेल. 27 आणि 28 ऑगस्ट 1941 रोजी पंतप्रधानांच्या निवासस्थानी खऱ्या मंत्रिमंडळापुढं हा निकाल वाचून दाखवला गेला. पंतप्रधान कोनोए होता. युद्धमंत्री तोजो दोन्ही दिवस बसून टिपणं घेत होता. नाओकी इनोसे यांनी हयात सदस्यांना गाठून 1983 मध्ये या प्रकरणावर पुस्तक लिहिलं. त्यात तोजोचं उत्तर आलं आहे. त्याचा मथितार्थ असा: तुम्ही मेहनत केलीत, पण हा टेबलावरचा अभ्यास आहे, रशियाशी लढलो तेव्हाही जिंकू असं वाटलं नव्हतं, तरी जिंकलो, युद्धात अनपेक्षित गोष्टी घडतात, आणि हो, बाहेर कुठं बोलू नका.

दोन महिन्यांनी तोजो पंतप्रधान होता. 5 नोव्हेंबरच्या सम्राटासमोरच्या बैठकीत नियोजन मंडळाच्या सुझुकीने जहाजांचा आकडा मांडला तो वर्षाला आठ ते दहा लाख टनांच्या बुडीचा, म्हणजे जमण्यासारखा. 1944 या एका वर्षात जपानची पस्तीस लाख टनांहून अधिक व्यापारी जहाजं बुडाली. कुबोताच्या मंत्रिमंडळाचाही हिशेब कमीच ठरला.

मे 1942 मध्ये यामातो नौकेवरच मिडवेच्या मोहिमेचा डाव मांडला गेला. अध्यक्ष होता चीफ ऑफ स्टाफ उगाकी. अमेरिकन विमानांनी जपानी विमानवाहू नौकांवर बॉम्ब टाकले तेव्हा पंच ओकुमियाने फासे टाकले आणि नऊ बॉम्ब लागले. अकागी आणि कागा बुडाल्या. उगाकीने आकडा तीनवर आणला. अकागी वाचली. कागा बुडालेलीच राहिली, पण पुढच्या मोहिमेच्या डावात तीही पाण्यावर हजर झाली. हे वैमानिक फुचिदा आणि ओकुमिया यांनीच पुढं लिहून ठेवलंय. उगाकीवर अन्याय नको: पंचांचा निकाल फिरवून सराव पुढं चालू ठेवणं सगळ्याच नौदलांत होतं, न्यूपोर्टलाही. पण तिथं डाव शिकवण्यासाठी असे. इथं मोहीम महिन्यावर आलेली होती आणि ती होणारच, हे ठरलेलं होतं. 4 जूनच्या सकाळी काही मिनिटांत अकागी, कागा आणि सोर्यू पेटल्या. संध्याकाळी हिर्यूही.

त्यानंतरचं युद्ध नारिंगी योजनेच्या वळणाने गेलं: गिल्बर्ट, मार्शल, मारियाना, फिलिपिन्स, आणि शेवटी नाकेबंदी. निमित्झ म्हणाला ते म्हणून बरंचसं खरं. पण न्यूपोर्टच्या फरशीवर मान युद्धनौकांना होता आणि शेवट त्यांच्या रांगांच्या महालढाईत होई. तशी लढाई झालीच नाही. जपानी पाणतीर किती लांब जातो याचा तिथल्या तक्त्यांत पत्ता नव्हता, आणि 1942 च्या ऑगस्टमध्ये साव्हो बेटापाशी एका रात्रीत दोस्तांनी चार क्रूझर गमावल्या तरी तो लगेच लागला नाही. व्यापारी जहाजं सूचना न देता बुडवायची नाहीत असा करार अमेरिकेनेही केलेला. पर्ल हार्बरनंतर काही तासांतच तो मोडायचा आदेश निघाला. बुडालेल्या जपानी व्यापारी टनभारापैकी निम्म्याहून जास्त पाणबुड्यांनी बुडवला. नाकेबंदी झाली की जपान शरण येईल, त्याच्या भूमीवर उतरावं लागणार नाही, हेही योजनेत गृहीत धरलेलं. 1945 च्या उन्हाळ्यात मात्र अमेरिकेचेच सेनापती जपानच्या क्यूशू बेटावर उतरायची तारीख ठरवत होते. 9 ऑगस्टला सोव्हिएत फौजा मांचुरियात शिरल्या. टोकियोच्या तरुणांनी ते चार वर्षं आधी लिहिलं होतं. हिरोशिमा आणि नागासाकी कुणाच्याच पटावर नव्हती.

2 सप्टेंबर 1945 रोजी टोकियोच्या उपसागरात मिसुरी नौकेवर शरणागतीच्या सह्या झाल्या. अमेरिकेतर्फे सही केली निमित्झने. दोस्तांतर्फे त्यांचा सरसेनापती मॅकआर्थर टेबलाशी बसला, तेव्हा त्याच्या मागं तुरुंगातून नुकतेच सुटलेले दोन हडकुळे सेनापती उभे होते: फिलिपिन्सचा वेनराइट आणि सिंगापूरचा पर्सिव्हल. मॅकआर्थरने बरीच पेनं वापरली. पहिलं वेनराइटला दिलं, दुसरं पर्सिव्हलला. पुढच्या वर्षी पर्सिव्हल निवृत्त झाला. लेफ्टनंट जनरल हा हुद्दा त्याला मानापुरता ठेवू दिला. पेन्शन बसलं ते मेजर जनरलचं.